ज्येष्ठा, कनिष्ठा आणि मानेसरची बस

कराड
१४ जुलै २०२४

चि. सुहासिनीस वृंदाचे अनेक आशीर्वाद.

परवा तू फोनवर बोललीस म्हणे. आमच्या विलासने फोन माझ्या कानाशी धरला होता, पण मला नुसती गिरणी चालू असल्यासारखी घरघर ऐकू आली. कानातलं यंत्र लावलं की सूनबाई उल्काने चमचा ठेवला तरी देवळातली घंटा वाजते. म्हणून ते डबीत घालून ठेवलंय. आपला कागदच बरा. कागदाला पुन्हा पुन्हा "काय म्हणालीस?" विचारलं तरी तो चिडत नाही.

आता कामाचं. यंदा गणपती सात सप्टेंबरला. गौरी दहाला येणार, अकराला जेवणार, बाराला जाणार. माझ्या पाठचा श्याम गेल्यावर मान तुझ्या सुनेकडे, रुचिताकडे आला. गेल्या वर्षी तिने आणल्या, नीट केलं असं तू कळवलंस. माझे गुडघे मला दिल्लीपर्यंत येऊ देत नाहीत, यंदाही येणं होणार नाही. पण माझं माहेर म्हणजे त्या दोन मुखवट्यांएवढंच आता उरलंय, म्हणून इथून उंटावरून शेळ्या हाकते. राग मानू नकोस.

रुचिताला पुन्हा सांग. आपल्याकडे जी गौरी घरात आणते, तिने त्या जाईपर्यंत घराचा उंबरा ओलांडायचा नाही. पाहुणीला घरात बसवून यजमानीण गावभर हिंडली, तर पाहुणीने काय समजायचं? आईने हे पाळलं, तू पाळलंस. तिच्या त्या कॉम्प्युटरच्या ऑफिसात आत्ताच सांगून ठेवायला सांग.

कुंकू गेलेल्या तू आणि मी आता आतल्या बायका. आपण ताट वाजवायचं, आत उभं राहायचं, पुढे व्हायचं नाही. पहिली दोन-चार वर्षं जड जातं. मग सवय होते.

इशिताला गोड पापा.

वृंदा

द्वारका, नवी दिल्ली
२४ जुलै २०२४

ती. वन्संना सुहासिनीचा शिरसाष्टांग नमस्कार.

पत्र पोचलं. इथे उकाड्याने जीव आंब्याच्या कोयीसारखा चोखून टाकलाय. बाकी सगळी खुशाल आहोत.

वन्सं, तुमच्यापाशी एक गोष्ट मी अर्धीच सांगितली होती. रुचिता ऑफिसात नाही, कारखान्यात आहे. मानेसरला. मोटारीच्या पोटात वायरींचे जुडगे असतात ना, ते तिथे तयार होतात. ती इंजिनिअर आहे हे तुम्हाला ठाऊक आहे, पण सुनेने कारखान्यात जावं हे तुम्हाला कसं वाटेल, म्हणून मी लिहिताना "ऑफिस" लिहून मोकळी झाले. पहाटे कंपनीची बस आमच्या कोपऱ्यावर येते. ही निळा शर्ट-पँट आणि पुढे लोखंडी टोपी असलेले जाडजूड बूट घालून बसते. दुपारी चारच्या सुमाराला परत. बूट दारात काढले की शेजारच्या ग्रेवालबाई विचारतात, "सुहासजी, घर में फौजी आया है क्या?"

तर परवा ही बुटांसकट आत आली आणि सोफ्यावर बसली. असं कधी करत नाही. केतन बायकोकडे बघत घाबरून म्हणाला, "क्या हुआ यार?" ती म्हणाली, "लाइन मिली."

मला वाटलं फोनची. मग कळलं. एका लाइनवर ओळीने बायका बसतात, जुडगे बांधतात. त्या अख्ख्या लाइनची प्रमुख. तिथे आजवर पुरुषच प्रमुख झाले. हिला आधी हंगामी नेमलंय. परदेशातली माल घेणारी मंडळी तपासणीला येणार आहेत. त्या तपासणीत ही लाइनवर उभी राहिली आणि लाइन पास झाली, तर नेमणूक पक्की. नसली तर दुसरा माणूस तयारच बसलाय.

वन्सं, तपासणी दहा, अकरा आणि बारा सप्टेंबरला आहे.

मला तर बाई काही सुचत नाही. एका हातात गौरी, एका हातात पोरीचा घास. तुम्ही वडील आहात. काय करू ते सांगा.

तुमची
सुहासिनी

कराड
५ ऑगस्ट २०२४

चि. सुहासिनीस आशीर्वाद.

कारखान्याचं ऐकून मला काही झीट आली नाही. इथे साखर कारखान्यात बायका आहेत. तू माझ्यापासून लपवलंस, त्याचं मात्र वाईट वाटलं. मी काय गिळणार होते तुला?

पण विचारलंस म्हणून सांगते. नोकऱ्या पुष्कळ. गौरी वर्षातून एकदाच येतात. तपासणी पुढे ढकला म्हणावं. ढकलत नसतील तर तो दुसरा माणूस करू दे. बाईमाणसाला पुन्हा संधी येत नाही असं नाही.

आणि घरात त्या तीन दिवसांत कुणालाच सवड नसेल, तर मुखवटे कराडला पाठव. कुरिअरने नको, केतनने स्वतः आणून द्यायचे. उल्का करील. माहेरच्या गौरी लेकीच्या सासरी बसलेल्या मी आजवर ऐकल्या नाहीत. पण दाराला कुलूप आणि आत गौरी, हे मला बघवणार नाही.

रागाने लिहीत नाही. हात थरथरतो म्हणून अक्षर तसं दिसतं.

वृंदा

द्वारका
१६ ऑगस्ट २०२४

ती. वन्संना सा. नमस्कार.

तुमचं पत्र मी जेवणाच्या टेबलावर सगळ्यांना वाचून दाखवलं. लपवाछपवी एकदा नडली, पुन्हा नको.

केतन म्हणाला, "मम्मा, आत्याला लिही ना, एक साल की बात है." त्याचं मंत्रालय बरं, एक कागद सरकवायला एक साल लागतं, म्हणून त्याला सगळं एका सालचंच वाटतं. इशिता म्हणाली, "आजी, फेस कुरिअरने गेले तर आपल्याकडे फेस्टिव्हल नाही?" मुखवट्यांना ही फेस म्हणते. दिल्लीची पोर, काय करणार.

रुचिताने ताटं उचलली. जेवण झाल्यावर माझ्यापाशी आली आणि म्हणाली, "आई, मी उद्या नाही म्हणून सांगते. मुखवटे या घरातून जायला नकोत." तेव्हा मी तिला एकच सांगितलं, चार दिवस थांब. ते चार दिवस मी देवघरापुढे बसून काढले. मी आठवी शिकलेली बाई. जे शिकले ते मंडळाच्या वाचनालयात आणि भाजीवाल्यांशी हुज्जत घालून. पण उलटून पालटून बघितल्याशिवाय भेंडीसुद्धा घेत नाही, तसा हा प्रश्न पाहिला.

आता ठरलं आहे. मुखवटे दिल्लीतच राहतील. तुमच्या आईने घातलेला नियम मोडणार नाही. जी गौरी आणील, ती तीन दिवस घराचा उंबरा ओलांडणार नाही, हा माझा शब्द. आमच्या फ्लॅटला उंबरा नाही, दारात संगमरवराची एक पट्टी आहे, पण तीच उंबरा धरू. रुचिताच्या मनावरचं ओझं उतरलंय. काल कितीतरी दिवसांनी तिने पोळी मागून घेतली.

तुम्ही काळजी करू नका. आशीर्वाद मात्र द्या, यंदा जास्तीचा लागेल.

तुमची
सुहासिनी

कराड
२७ ऑगस्ट २०२४

चि. सुहासिनीस भरभरून आशीर्वाद.

पत्र वाचून डोळे भरून आले. पट्टी तर पट्टी, मन तयार असलं की झालं.

शेवटी पोरीने घराला धरलं. आलेली लाइन सोडायची म्हणजे काही पोरखेळ नाही. मी बाहेरून सहज लिहून गेले, पण मनातून मला वाटलं होतं, ही दिल्लीची मुलगी कशाला ऐकते. मी चुकले. तिला म्हणावं, आत्या म्हणते की तुझ्यासारखी नातसून माझ्या आईने पाहिली असती तर तिने दृष्ट काढली असती.

आमच्या शेजारचा गुणवंत सरकारी कामाला दिल्लीला येतोय. कोपर्निकस मार्गावरच्या सदनात उतरेल. त्याच्याबरोबर एक इरकल पाठवते आहे, मोरपिशी, लाल काठाची. रुचितासाठी. गौरी आणताना तिने तीच नेसावी. कारखाना सोडून उंबरा धरला, त्याची ही ओटी. पत्रही त्याच्याजवळच देते, टपालाचा भरवसा नाही.

मी इथून दहा तारखेला संध्याकाळी डोळे मिटून बसेन. ताट जोरात वाजवा. तेवढं मला ऐकू येईल.

वृंदा

द्वारका
१४ सप्टेंबर २०२४

ती. वन्संना सुहासिनीचा शिरसाष्टांग नमस्कार.

हे पत्र बसून वाचा, आणि पुरं वाचून मग जे काय बोलायचं ते बोला.

गौरी रुचिताने आणल्या नाहीत. मी आणल्या.

तुमचं शेवटचं पत्र आणि साडी केतनने सोमवारी आणली, गौरींच्या आदल्या दिवशी. गुणवंतच कराडहून उशिरा निघाला आणि इथे हा मीटिंगमध्ये अडकला. पत्र मी दोनदा वाचलं. तुम्ही समजलात की रुचिताने काम सोडलं. मी तसं लिहिलं नव्हतं, पण उघड करून सांगितलंही नव्हतं. पुन्हा ओठांवर एक आणि पोटात एक. तुम्ही नको म्हणाल याची भीती होती, वन्सं, आणि तुम्ही नको म्हणाल्यावर माझा धीर सुटला असता. फोन करावा तर तुम्हाला ऐकू येत नाही, आणि विलासच्या तोंडून हे सांगायचं नव्हतं.

रुचिताने साडीवरून हात फिरवला आणि घडी तशीच ठेवली. म्हणाली, "आई, ही मी नेसू शकत नाही. ज्याच्यासाठी पाठवली ते मी केलंच नाही." ती साडी आम्ही गौरींपुढे ठेवली.

आता कसं झालं ते सांगते. मंगळवारी रुचिता पहाटेच्या बसने गेली. संध्याकाळी मी माझी करड्या काठाची पांढरी साडी नेसले. केतन म्हणाला, "मम्मा, पक्का ना?" मी म्हटलं, "तू ताट धर." खाली बागेत सोसायटीची तुळस आहे. तिथून आणायच्या ठरल्या. माझ्या सुपात ज्येष्ठा, इशिताच्या सुपात कनिष्ठा. कुमारिका चालते, हे तुम्हीच मागे सांगितलं होतं. गेटवरच्या चौकीदाराने उठून नमस्कार केला. लिफ्टचं दार ग्रेवालबाईंनी पाय घालून अडवून ठेवलं होतं. एक गृहस्थ कुत्र्याला घेऊन उभे होते. ते म्हणाले, "आप जाइए माताजी, हम सीढ़ी से आते हैं." कुत्रासुद्धा शहाण्यासारखा बसून राहिला. तर आपल्या गौरी लिफ्टने आल्या, वन्सं.

दारात आले आणि माझा पाय उचलेना.

हे असताना याच दारातून मी किती वेळा आत आले असेन. कधी वाटलं नाही की पाय जड असतो. त्या पट्टीपाशी उभी राहिले आणि सगळं डोळ्यांपुढून गेलं. तुमच्या आई, तुम्ही, हे. वाटलं, आता कोणीतरी मागून पदर ओढील आणि म्हणेल, तू कशी? केतन ताट बडवत होता, शाळेची घंटा बडवावी तसा. इशिता कुजबुजली, "आजी, चलो ना, हात दुखतायत."

तेवढ्यात जिन्यावरून धाडधाड पावलं वाजली. रुचिता. हायवेवर बस अडकली होती आणि लिफ्ट खाली येईना, म्हणून चार मजले धावत चढून आली. दाराबाहेर बूट काढले, माझ्या बाजूने आत गेली, हातपाय धुतले आणि त्याच निळ्या कपड्यांत केतनच्या हातातलं ताट घेऊन समोर उभी राहिली. धाप लागली होती. तरी तिने विचारलं, "गौरी आली, कशाच्या पावलांनी आली?"

मी सूप घट्ट धरून पट्टीकडेच बघत राहिले. तर ती जरा हळू म्हणाली, "आई, पाहुण्या दारात उभ्या आहेत."

बस, वन्सं. एवढंच. पाहुण्या दारात उभ्या असताना आपण स्वतःचा विचार करत राहायचा? मी म्हटलं, "सोन्याच्या पावलांनी आली," आणि पाय आत टाकला. काही झालं नाही. छत पडलं नाही. ज्येष्ठेचा मुखवटा जसा हसरा होता तसाच हसरा राहिला.

मग घर दाखवलं. इथे काय आहे, इथे ओटा आहे. इथे काय आहे, इथे धान्य आहे. इथे इशिताचं दप्तर आहे, अभ्यास नाही. इथे केतनच्या फायली आहेत, त्या पुढे सरकू देत. रुचिताच्या खोलीत आले तेव्हा तिने विचारलं, इथे काय आहे? मी म्हटलं, "इथे घरच्या लक्ष्मीचं काम आहे, त्याला यश दे."

दुसऱ्या दिवशीची गंमत. पहाटे रुचिता पुरण शिजवून ठेवून गेली. सकाळी मी इशिताला शाळेसाठी उठवलं, तर ती उठून बसली आणि म्हणाली, "आजी, गौरी मीपण आणल्या. मी उंबरा क्रॉस करू शकत नाही. रूल तो रूल है." तुमच्या आईचा नियम या घरात इतक्या आनंदाने कुणी पाळला नसेल. दोन दिवस शाळा बुडाली.

मी बाहेर जायची नाही, म्हणून सोळा भाज्यांसाठी केतनला धाडलं. अळूची पानं सांगितली, तर अरवी, म्हणजे अळूचे कंदच, घेऊन आला. टिंडे म्हणजे आपली ढेमसं आणली, तीन पिशव्या. पुन्हा पाठवला. दुसऱ्यांदा येताना एवढा मोठा सरकारी अधिकारी घामाने निथळत होता. मी पाटावर बसून हुकूम सोडत होते. घरी बसणं इतकं सुखाचं असतं हे मला गौरींनी पहिल्यांदा दाखवलं. पूर्वी आम्ही उंबरा ओलांडत नव्हतो, पण ओट्यापासून हलतही नव्हतो. पोळ्या लाटायला ग्रेवालबाई आल्या. त्यांच्या पुरणपोळ्या पराठ्यांच्या वळणावर गेल्या, पण गौरींनी तक्रार केली नाही.

चार वाजता रुचिता आली ती एकटी नाही. तिच्या लाइनवरच्या बायका बरोबर. रेवाडीच्या, झज्जरच्या, एक पार बिहारची. द्वारकेकडे येणाऱ्या बसमध्ये जेवढ्या मावल्या तेवढ्या सवाष्णी म्हणून आणल्या. सगळ्यांच्या अंगावर तोच निळा शर्ट. दारात बुटांची ही रास. एकीने विचारलं, "अम्माजी, ये दो क्यों हैं?" म्हटलं, बहिणी आहेत, दोघी मिळून माहेराला येतात. ती म्हणाली, "अच्छा है, अकेली को कौन भेजता है."

रुचिता म्हणाली, "आई, कुंकू तुम्ही लावा. आणल्या तुम्ही, मान तुमचा." मी लावत गेले. आणि पाहते तर एक बाई दाराबाहेर बुटांजवळच उभी. संतोष तिचं नाव, इकडे बायकांचंही असतं. मी बोलावलं तर मागे सरली. म्हणाली, "मैं यहीं से हाथ जोड़ लूँगी, अम्माजी. मेरा आदमी नहीं रहा." वय केवढं, तर आपल्या रुचितापेक्षा लहान.

वन्सं, मला पट्टी ओलांडायची नव्हती. मी आतून हात लांब केला आणि तिचं मनगट धरलं. म्हटलं, "अंदर आ. जो लेके आई है, वो भी तेरे जैसी है." ती माझ्या कपाळाकडे बघत राहिली. मग आत आली. पहिलं पान तिला वाढलं.

बाराला दोऱ्याच्या गाठी पाडल्या, खीर-कानवल्यांचा नैवेद्य दाखवला, अक्षता टाकून मुखवटे हलवले. तीन दिवस मी दाराबाहेर पाऊल टाकलं नाही. तुमच्या आईचा नियम अक्षरशः पाळला. नियम पाळून जर मी काही मोडलं असेल, तर ते काय मोडलं, हे तुम्हीच सांगा. मी ऐकेन.

तपासणीचा निकाल अजून यायचा आहे.

तुमचीच
सुहासिनी

द्वारका
२२ सप्टेंबर २०२४

ती. आत्यांना रुचिताचा नमस्कार.

माझं मराठी लिहिणं शाळेनंतर सुटलंय. चुका होतील, आई म्हणाल्या की तरी स्वतःच लिही.

आत्या, तुमची नाराजी माझ्यावर येऊ द्या, आईंवर नको. मी खरंच नाही म्हणणार होते. आईंनी मला सांगितलं, "नियम आणणारीला आहे, तर आणणारी मी होते. तू जा." मी म्हटलं, आत्या काय म्हणतील. त्या म्हणाल्या, "ते मी बघते. तू लाइन बघ."

तपासणीत काय झालं ते सांगते. दुसऱ्या दिवशी परदेशी पाहुणे माझ्या लाइनच्या शेवटी उभे होते, आमचे प्लांटचे मोठे साहेब त्यांच्या शेजारी. तेवढ्यात माझ्या हातात एक जुडगा आला आणि वायरच्या टोकाची पिन थोडी हलली. दुसरा पाहिला, त्याचीही. अशी वायर गाडीत गेली तर महिन्याभराने गाडी रस्त्यात बंद पडू शकते. दिवसभराचा आकडा बिघडेल म्हणून अशा वेळी लाइन चालू ठेवतात आणि खराब माल नंतर वेगळा काढतात. तपासणीच्या वेळी तर कुणीच थांबवत नाही. साहेब डोळ्यांनीच नको म्हणत होते.

मी लाइन थांबवली. लाल दिवा लागला, सगळं शांत झालं. पाहुण्यांनी विचारलं, कुणी थांबवली. मी म्हटलं, मी. का ते दाखवलं. मशीन नीट करून लाइन पुन्हा चालू होईपर्यंत ते तिथेच उभे राहिले आणि लिहीत राहिले. मला वाटलं गेलं सगळं. त्याच दिवशी लाइनवरच्या बायकांना मी घरी जेवायला बोलावलं होतं, तर बसमध्ये त्या मलाच धीर देत होत्या.

काल रिपोर्ट आला. त्यात लिहिलंय की या प्लांटमध्ये ही एकच लाइन अशी आहे, जिथे चूक दिसल्यावर लाइन थांबवायची हिंमत आहे. लाइन पास. माझी नेमणूक पक्की झाली. आता दुसऱ्या लाइनच्या प्रमुखांनाही मी शिकवायचं आहे.

साडी तुमची तुमच्याकडे परत पाठवू का, ते कळवा. मी ती नेसलेली नाही.

तुमची
रुचिता

कराड
६ ऑक्टोबर २०२४

चि. सुहासिनीस आणि चि. सौ. रुचितास आशीर्वाद.

पितृपक्षात मनातलं कडू लिहू नये, म्हणून थांबले. आता नवरात्र बसलंय, घट बसवून लिहायला घेतलंय.

सुहासिनी, तुझं पत्र वाचलं आणि पहिले दोन दिवस मी कुणाशी बोलले नाही. तसंही मला ऐकू येत नाही, त्यामुळे फारसं कुणाच्या लक्षात आलं नाही. मी पत्र घेऊन सारखी बसते हे पाहून उल्काने पाटीवर लिहून विचारलं, "कोण गेलं?" मी म्हटलं, कुणी गेलं नाही, आलं.

मी चिडले होते. नियम मोडलास म्हणून नाही. तू मोडलेला नाहीस, हे मलाही दिसतं. जुन्या वकिलासारखं एकेक कलम पाळलंस. मी चिडले ते वेगळ्याच गोष्टीसाठी, आणि ती माझ्या ध्यानात यायला पंधरा दिवस गेले. ती संतोष नावाची बाई. तिचा चेहरा मी पाहिलेला नाही, पण ती बुटांपाशी उभी आहे हे मला दिसत राहिलं. जेवताना, जप करताना. मग एके दिवशी लक्षात आलं, की तिथे ती नाहीच. मी उभी आहे.

हे गेले तेव्हा मी पस्तिशीची होते. पुढच्या गौरीला माहेरी आले, तर आईने माझ्या हातात ताट दिलं आणि म्हणाली, तू आतून वाजव. आईने प्रेमाने दिलं. पुढे कुणी काही बोलू नये म्हणून दिलं. तेव्हापासून जोपर्यंत गुडघे चालत होते तोवर मी येऊन ताट वाजवलं. माहेरवाशीण मी, गौर माहेरवाशीण, आणि तिला घरात घेताना मी ओट्यापाशी. पण मला कधी सुचलं नाही की विचारावं. तुला पहिल्याच फटक्यात सुचलं. आणि तू मला बोलावलं नाहीस. विलासच्या पाठीवर बसून आले असते. हे मी तुला लवकर माफ करणार नाही.

रुचिता, तू लाइन थांबवलीस ते मी उल्काला वाचून दाखवलं. ती म्हणाली, "आई, आमच्या शाळेत अशी एक बाई हवी होती." मोठे साहेब डोळ्यांनी नको म्हणत असताना थांबवायचं, हे मला माझ्या वयात जमलं नाही. साडी परत पाठवशील तर याद राख. ती कारखाना सोडल्याची ओटी होती. आता कारखाना धरल्याची. येत्या दसऱ्याला नेस आणि तुझ्या त्या लाइनवर नेसून जा, यंत्रात पदर अडकणार नाही अशी. नाही तर घरीच नेस आणि फोटो पाठव. फोटो मला ऐकू येतो.

सुहासिनी, आता तुझ्याकडे वळते. गुडघ्याच्या डॉक्टरांकडे कुसुमावती नावाची मुलगी व्यायाम घेते, तिच्याकडे मी सोमवारपासून जायला लागले. गुडघे वाकवायला लावते आणि वर हसते. तिला सांगितलंय, मला एकच काम जमायला हवं, हातात सूप घेऊन दाराची पट्टी ओलांडता आली पाहिजे. ती म्हणाली, "आजी, एवढंच?" म्हटलं, पोरी, एवढंच.

पुढच्या वर्षी ज्येष्ठा मी आणणार. तू मागून कनिष्ठा घेऊन ये. नणंदेच्या पुढे जायचा विचार करू नकोस. ताट रुचिता वाजवील, ती जोरात वाजवते असं दिसतं. आणि जी आणील तिने घराबाहेर पडायचं नाही, तर आपण दोघीही तीन दिवस पाटावर बसू. संतोषला आधीच निरोप दे, तिचं पान माझ्या शेजारी मांड.

केतनला म्हणावं, टिंडे मला आवडत नाहीत.

वृंदा